देवीला दोनच खांदे

आई, लिहायला फार उशीर झाला, रागावू नकोस. तू गेलीस तेव्हा तुझा थोरला नातू, माझा मुलगा, रांगत होता. आता त्याची मुलगी देशाकडून खेळते आणि तुला आम्ही काहीच कळवलेलं नाही. माझी शाळा चौथीपुरती, दोन ओळी लिहायच्या तर घटका जाते. आणि तुला वाचता येत नव्हतं, हे कागद पुढ्यात घेतल्यावर आठवलं. पण आज कुणाशी तरी बोलल्याशिवाय जीव थाऱ्यावर राहायचा नाही.

ती रग्बी खेळते. भोरच्या कॉलेजात गेली तेव्हा मला वाटलं, कबड्डीच असेल. तिथल्या खेळाच्या सरांनी तिला पळताना बघितलं आणि पुण्याला नेऊन हा खेळ शिकवला. चेंडू हातात घेऊन पुढं पळायचं, पण दुसरीला द्यायचा तो मागंच. समोरच्या मुली धावत येतात, कमरेला मिठी मारतात आणि उचलून आडवं करतात. पहिल्यांदा मोबाईलवर बघितलं तेव्हा मी डोळे मिटून घेतले. तुझी सून म्हणाली, “तुमी डोळं मिटल्यानं तिचं हाड वाचणार हाय व्हय?” पोरगी आधी महाराष्ट्राकडून खेळली, मग देशाचा शर्ट मिळाला. परदेशात खेळून आली तेव्हा वेल्ह्याच्या बाजारात तिचा फ्लेक्स लागला. त्यावर पायाजवळ फुटबॉल छापलेला. ती पोट धरून हसली. “आबा, आमचा चेंडू कवठासारका नसतो, न सोललेल्या नारळासारका असतो.”

गेल्या साली तिचा उजवा खांदा निखळला. हात गळ्यात बांधून घरी आली, ती भातलावणीच्या दिवसांत. मी म्हटलं, बरं झालं, आता घरी राहील. देवा, काय काय येतं मनात! ती बांधावर उभी राहून डाव्या हातानं रोपांच्या जुड्या फेकत होती. प्रत्येक जुडी वाकलेल्या बायकांच्या बरोबर हाताशी पडायची. बायका म्हणायच्या, “अगं, जरा चुकीव की, आमाला पाठ सरळ करू दे.” सगळ्या हसायच्या, तीही हसायची. पण संध्याकाळी तिच्या संघाचा सामना मोबाईलवर लागला तेव्हा तिच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी. मी विचारलं, “लई दुखतंय का गं?” म्हणाली, “खांद्याचं न्हाई रडत, आबा. ह्या पळत्यात आन मी बघत बसलीया, त्याचं रडतीय.” मी चुलीकडे गेलो. शेकायला वीट गरम करून आणली.

यंदा खांदा बरा झाला आणि तिला पुन्हा बोलावणं आलं. डॉक्टर म्हणाले, खेळायला हरकत नाही, पण पुन्हा निखळणारच नाही असं कुणी सांगू शकत नाही. झालं, माझी झोप गेली. शेवटी देवीला कौल लावायला गेलो. तुझ्या वेळी गुरव देवीच्या दोन्ही खांद्यांना ओली फुलं चिकटवायचा आणि गाऱ्हाणं तू घालायचीस. उजवं पडलं तर हो, डावं पडलं तर नाही. लोक तुलाच बोलवायचे, कारण तुझा प्रश्न नेमका असायचा. मी लहान असताना एकदा मध्येच तोंड घातलं होतं, बैल बरा होईल का आणि बाजारात न्यावा का. गाभाऱ्याबाहेर येऊन तू माझा कान धरलास. “एका टायमाला एकच इचारावं. देवीला दोनच खांदं हायती.”

एवढं ऐकून, म्हातारा होऊनसुद्धा मी तेच केलं बघ. हात जोडले आणि तोंडातून गेलं, “तिला खेळाया मिळंल का, आन खांदा शाबूत ऱ्हाईल का?” दोन्ही फुलं एकदम पडली. गुरवानं दोन्ही फुलं उचलून तळहातावर घेतली. “तात्या, आता मी काय सांगू? तुमीच देवीला घोळात घातलं.” पुन्हा लावू म्हणालो तर म्हणाला, “आज न्हाई. तिलाबी इसावा लागतो.”

दुसऱ्या दिवशी सकाळच्या एसटीनं पोरगी निघायची होती. बॅग पाठीला लावून उंबऱ्यात उभी राहिली. “आबा, काय म्हनली देवी?”

“उजवं दिलं.”

“मग तोंड असं का केलंय?”

तुझ्या सुनेनं आतून उत्तर दिलं, “त्यांचं जल्मापासून तसंच हाय. तू जा.” पोरगी माझ्या पाया पडली आणि एसटी पकडायला पळाली.

आज संध्याकाळी सामना आहे. सकाळी तिचा फोन आला होता. तिला राखीव ठेवलं आहे, मध्ये उतरवलं तर उतरवलं, नाहीतर बाहेर बसायचं. आवाज अगदी त्या लावणीच्या संध्याकाळसारखा होता. फोन ठेवल्यापासून मी अंगणातून घरात आणि घरातून अंगणात करतो आहे. मोबाईल चार्जिंगला लावला आहे, तुझ्या सुनेनं दोनदा सांगितलं की तो भरला आहे.

उजवं दिलं हे मी खोटं सांगितलं, आई. ते तुझ्याजवळ बोलून टाकलं. हा कागद काही पोस्टात जायचा नाही, पण तू देवीच्या जवळ असशील तर माझ्यासाठी तेवढं विचार. या वेळी एकच विचारतो, घोळ घालत नाही. खांद्याचं राहू दे. तिला आज खेळायला मिळेल का? लवकर कळव, सामना सुरू व्हायच्या आत.