बुटांच्या कप्प्यातलं पत्र

१९ डिसेंबर

चि. शिडीस,
अनेक आशीर्वाद.

आज दादांचं सायकलचं दुकान उघडलं. दुरुस्तीला आलेल्या नऊ सायकली ज्याच्या त्याला परत दिल्या. एकीचं चाक सोडवून ठेवलेलं होतं, ते कुणाला बसवता आलं नाही. दोन वाजता कुलूप लावून मी टेलिफोन एक्स्चेंजमध्ये दुपारच्या पाळीला गेले.

चार दिवस तू घरी होतीस, पण माणसांची ये-जा होती, आणि आपल्या दोघींनाही समोरासमोर बोलायला जमत नाही. म्हणून लिहून विचारते. तीन तारखेला मी तुला पत्र टाकलं होतं. तुझ्या बाबांच्या छातीत पाणी साठलंय, डॉक्टर भरवसा देत नाहीत, असशील तशी निघ, असं स्पष्ट लिहिलं होतं. ते मिळालं का? सहापासून आठच्या सकाळपर्यंत, म्हणजे जाईपर्यंत, दादा दाराकडे बघत होते. पोरगी वेळेवर का आली नाही, असं शेजारच्या शिंपीणबाईंनी विचारलं तेव्हा मी पोस्टावर ढकललं. पण मला खरं काय ते कळायला हवं.

रागावून विचारत नाही. वेळेवर जेवत जा. वसतिगृहाच्या बुटक्या चौकटीवर डोकं आपटून घेऊ नकोस.

आहे तो लोभ आहेच.
तुझी,
आत्या


२४ डिसेंबर

ती. आत्यास,
शि. सा. नमस्कार.

पत्र मिळालं होतं. सहा तारखेला सकाळी बास्केटबॉलच्या स्पर्धेला निघताना वॉर्डनबाईंनी बसच्या दारात हातात दिलं. मी ते न फोडता बुटांच्या पिशवीच्या कप्प्यात ठेवलं.

तुला हे माहीत नसणार. गेल्या वर्षी कॉलेजकडून पहिल्यांदा खेळले, त्या सकाळी तुझं पत्र वाचलं होतं, बाबांच्या हाताला टाके पडल्याचं. त्या सामन्यात सहाच्या सहा फ्री थ्रो हुकले. मग बाबांनी माझ्याकडून कबूल करून घेतलं, की स्पर्धा संपेपर्यंत घरचं पत्र फोडायचं नाही.

ते पत्र मी नऊ तारखेला परतीच्या बसमध्ये फोडलं. आम्ही जिंकलो होतो. अंतिम सामन्यात माझे एकोणीस गुण झाले होते. कप माझ्या मांडीवर होता आणि मागे मुली गात होत्या. मी ड्रायव्हरकाकांना गाडी जोरात घ्या म्हणाले, तर ते हसून म्हणाले, कप काय पळून जातोय का. तासभर मी बाबांशी काय बोलायचं ते ठरवत बसले. वसतिगृहाच्या दारात वॉर्डनबाई उभ्या होत्या. त्यांनी तुझा आदल्या दिवशीचा निरोप सांगितला. म्हणजे त्या तासात बाबा नव्हतेच. हे अजून माझ्या डोक्यात बसत नाही.

विद्यापीठाच्या संघात माझं नाव लागलंय. मी बूट कोचबाईंच्या टेबलावर ठेवले आणि नाव काढा म्हणाले. त्या पंधरा तारखेपर्यंत थांबणार आहेत. माझा निर्णय झाला आहे.

एक राहिलं. दुकानामागच्या भिंतीवर बाबांनी लहान सायकलची रिम ठोकली आहे ना, ती खऱ्या रिंगपेक्षा दोन बोटं लहान आहे. मला इथे आल्यावर कळलं. सात वर्षं त्यांनी सांगितलं नाही.

शिंपीणबाईंशी तुला खोटं बोलावं लागलं, माफ कर. रागावलीस तरी पत्र बंद करू नकोस.
तुझी,
शिडी


३० डिसेंबर

चि. शिडीस,
आशीर्वाद.

तुझं पत्र कामावर वाचलं. त्यानंतर दोन कॉल भलत्याच नंबरला जोडले. वीस वर्षांत असं झालं नव्हतं. मोठ्या बाईंनी घरी पाठवलं.

तुमचा नियम मला कुणी सांगितला नव्हता. आता लिहिते ते नीट वाच. तीन तारखेला मी दादांना म्हणाले, तिला फोन लावते, दिवसभर जगाचे फोन जोडते, मला काय अवघड. ते म्हणाले, फोन नको, पोर घाबरेल, पत्र टाक. आज टाकलं तर सहाला पोचेल ना, असं दोनदा विचारलं. मला वाटलं, घाई झाली आहे. तुझ्या सामन्यांच्या तारखांचा कागद त्यांच्या उशीखाली होता.

सातला त्यांनी मला पेपरचं खेळाचं पान वाचायला लावलं. तुम्ही अकरा गुणांनी जिंकल्याचं कोपऱ्यात बारीक अक्षरात होतं. ते ऐकून म्हणाले, मग फोडलं नाही तिने. काय फोडलं नाही, विचारलं तर नुसते हसले. मला वाटलं, तापात बोलताहेत. दाराकडे बघत होते ते तुझ्यासाठी नाही, पेपरवाल्यासाठी.

माझ्याच हातून पत्र लिहून घेतलं आणि मला पत्ता लागू दिला नाही. रिम लहान लावून गप्प बसणारा माणूस. रडू यायच्या जागी मला त्यांचा राग आला, तो अजून उतरलेला नाही. तुझा नाही.

दादांसाठी खेळ, असं मी म्हणणार नाही. त्यांनी तुझं परस्पर ठरवलं तेवढं पुरे झालं. तू तुझं ठरव.

लोभ वाढू दे, उंची पुरे.
तुझी,
आत्या


१६ जानेवारी

ती. आत्यास,
शि. सा. नमस्कार.

तुझं पत्र आल्यावर मलाही बाबांचा राग आला. आठवडाभर मैदानाकडे फिरकले नाही. मग एका सकाळी उधारीच्या बुटांत जाऊन फ्री थ्रो मारत बसले. दोन बोटं जास्तीची रिंग आणि तरी चुकत होते. त्याचा इतका राग आला, की बूट परत घेऊन आले. कोचबाई म्हणाल्या, टेबल अडवून ठेवलं होतंस.

उद्या विद्यापीठाकडून पहिला सामना. तुझं आणखी एक पत्र आज दुपारी आलं. फोडलेलं नाही, कप्प्यात आहे. हात दोनदा तिकडे गेला. नियम बाबांचा होता, आता माझा आहे, आणि मी त्यात भर घातली आहे. तातडीचं असेल तर तू फोन करायचास. कुणी नको म्हटलं तरी करायचास. मी सामना सोडून फोनवर येईन.

पत्रातलं तुझं जे काही असेल, त्याला परवा उत्तर देते.
तुझी,
शिडी

ता. क. मुली जेवायला गेल्या आहेत. उजव्या बुटाची लेस तुटायला आली होती, ती काढली. आता दिव्याखाली बसून नवी ओवते आहे.