मनोऱ्याचा कठडा

२ मार्च
उडी मारली म्हणे! यांनी!
माझी फाटकाजवळची खिडकी उघडी होती. हॉटेलची माहिती सांगणारी पोरगी पाहुण्यांना घेऊन मनोऱ्याखाली थांबली आणि आवाज चढवून — "इथल्या पहारेकऱ्याचं मालकिणीवर प्रेम होतं. एका संध्याकाळी त्याने वरून उडी घेतली. अजून पावलं वाजतात." बायका अगंबाई म्हणाल्या. एकाने फोटो काढला.
हातातलं पातेलं आपटलं मी.

३ मार्च
मालकीण! तेव्हाचे मालक डॉक्टर, त्यांची ती बायको यांना 'ए' म्हणून हाक मारायची. तिच्यावर प्रेम!

४ मार्च
खरं काय ते लिहूनच काढते. हा किल्ला मुळात किल्ला नाहीच. साबणाच्या व्यापाऱ्याने चित्रात किल्ला पाहिला आणि हट्ट धरला — मनोरे हवेत, कठड्याला खाचा हव्यात. शत्रू कधी आला नाही, जावई सोडला तर! त्या जावयाने घर जुगारात घालवलं. मग शाळा. मग डॉक्टर. आता हॉटेल. प्रत्येक मालकाचं पहिलं काम एकच, मनोऱ्यावर आपला झेंडा. शाळेचा माझ्या सासऱ्यांनी बांधला, डॉक्टरांचा यांनी. घर विकलं की आम्हीही त्यातच, भिंतीतल्या खुंट्यांसारखे.
कठड्याला भेग पडलीय, हे यांनी डॉक्टरांना सांगितलं होतं. "आधी झेंडा लागू दे, मग बघू." दोरी ओढताना तोल गेला, हे कठड्याला टेकले. आत तारेची जाळी, वर चार बोटं गिलावा. खऱ्या किल्ल्यांबद्दल पुष्कळ वाचलंय मी. तिथला कठडा माणसाला धरतो. हा नुसता दिसायला होता.

६ मार्च
नणंद येऊन गेली. "वहिनी, तोंड आवरा. तुमच्या खोल्या हॉटेलच्या आहेत. बाहेर काढलं तर जाल कुठे?" तिचाच सख्खा भाऊ ना तो! काढू देत, म्हटलं. म्हटलं खरं.

७ मार्च
हॉटेलवाल्याला गाठलंच. "काकू, कठडा कोसळला हे ऐकून पाहुणे पळतील. प्रेम म्हटलं की वर चढतात." आणि हसला. अंगाचा तिळपापड झाला. म्हटलं, "मग तुमच्या वडिलांवर रचा अशी गोष्ट!" हसू गेलं त्याचं. "बरं, बंद. पण मग काकांचा विषयच नको."
जिंकले, असं वाटलं.

९ मार्च
ती पोरगी दारात. "मावशी, रागावलात? मला लिहून देतात ते बोलते मी." चहा दिला. हिच्यावर काय चिडायचं.

१२ मार्च
आज पाहुण्यांच्या मागे जाऊन उभी राहिले. व्यापारी आला, जावई आला, शाळा, डॉक्टर, सगळे आले. हे कुठेच नाहीत.
एका बाईने विचारलं, "एवढं उंच, कोणी पडलं-बिडलं नाही ना कधी?"
पोरीने माझ्याकडे पाहिलं. "छे, कधीच नाही."
"माझा नवरा पडलाय," मी म्हटलं. "चला, कुठून ते दाखवते."