बिजागरीची खूण

२९ ऑगस्ट २००४, डब्लिन, ओहायो

मृणाल इटलीहून परत. काल विमानातून उतरली, आज दुपारी आमच्या दारात. जेटलॅग आपल्यासारख्यांना होतो, तिला नाही. उन्हाने रापलीय, तीही छान दिसेल अशी. मला स्कार्फ आणला. निळा, रेशमी. इतका माझ्या आवडीचा की रागच आला. सहा वर्षांत इथे हिच्यासारखी मैत्रीण दुसरी मिळाली नाही, आणि हिच्याइतका हेवाही दुसऱ्या कुणाचा वाटला नाही.

व्हेनिसला गोंडोलात बसली नाही म्हणे. "अगदी टूरिस्टी आहे ग ते!" त्याऐवजी ज्यूंच्या जुन्या वस्तीची, घेट्टोची, वॉकिंग टूर. दोन तास पायी. गाइड एक म्हातारी बाई, लाल छत्री उंच धरून पुढे. अंधार पडला की वस्तीचे दरवाजे बंद करायचे, भोवतीच्या कालव्यात पहाऱ्याच्या होड्या. फक्त वैद्यांना रात्री बाहेर पडता यायचं. म्हातारीने मृ.चा हात धरून एका दगडावर ठेवला. बिजागरीची खूण. दरवाजा कधीच गेला, खूण आहे. तिथे मृ. रडली. सांगताना परत रडली.

माझी लेक मित्रा हनुवटीला हात लावून ऐकत होती. दहा वर्षांची झाली, माझं बोलणं तिने असं एकदाही ऐकलेलं नाही.

२ सप्टेंबर

शाळा सुटल्यावर मित्रा मृ.कडे असते, मी सहाला घेऊन येते. आज गेले तर मृ.च्या बेसमेंटमध्ये खोक्यांचं व्हेनिस. मित्रा लाल छत्री घेऊन पुढे, मृ. मागे, कॅमेरा गळ्यात. मी जिन्यात दोन मिनिटं उभी, कुणाला पत्ता नाही.

गाडीत: "मॉम, दे लॉक्ड देम इन! जस्ट बिकॉज दे वेअर बॉर्न दॅट!"

म्हटलं, हो का.

"यू डोन्ट इव्हन केअर."

माझं काम सॉफ्टवेअर टेस्टिंगचं, दिवसभर दुसऱ्यांच्या चुका काढायच्या. आज माझीच निघाली. पण कुठली, ते कळलं नाही.

६ सप्टेंबर

लेबर डे. मृ.च्या डेकवर सगळं मराठी मंडळ. कणसं, बर्गर, शिवाय मसालेभात. तिने व्हेनिस पुन्हा सांगितलं. आता गोष्टीला गोलाई आलीय, कुठे थांबायचं ते तिला कळलंय. शेवटी म्हणाली, "नुसता जन्म. दुसरा काही गुन्हा नाही. कल्पना तरी करू शकता का तुम्ही?"

नाही करू शकत, अशा सगळ्यांच्या माना हलल्या. मी कांदा चिरत होते. माझ्या नवऱ्याने, मिलिंदने, ग्रिलपासून माझ्याकडे बघितलं. मी कांद्याकडे.

घरी येताना मि. म्हणाला, "बोलली नाहीस ते बरं केलंस. चांगले लोक आहेत सगळे."

चांगलेच आहेत. तीच तर पंचाईत. वाईट असते तर सोपं गेलं असतं.

मृ.ला आमचं माहीत आहे. म्हणजे 'बुद्धिस्ट' एवढं माहीत आहे. मागच्या वाढदिवसाला तिने बुद्धाच्या डोक्याची मेणबत्ती दिली. "किती शांत धर्म ना तुमचा!" आता ते डोकं पेटवायचं कसं? कपाटात आहे.

९ सप्टेंबर

लिहू नये ते लिहिते. मला त्या व्हेनिसच्या लोकांचा हेवा वाटतो. शेकडो वर्षांपूर्वी कोंडलेली माणसं, पुढे त्यांच्यावर काय काय गुदरलं ते जगाला ठाऊक, आणि मी इथे बसून त्यांचा हेवा करते. लाज वाटते. पण वाटतो. त्यांच्यासाठी कुणीतरी छत्री उंच धरतं. त्यांच्या दगडावर हात ठेवून पुण्याची बाई रडते.

माझ्या आबांसाठी मृणाल रडेल का? आईचे वडील, शाळेच्या वऱ्हांड्यात बसून शिकलेले, एवढंच मला माहीत. आणि समजा रडली, तर मला आवडेल का? तेही नाही आवडणार. मग मला पाहिजे तरी काय?

१९ सप्टेंबर

काल गणपती. प्रसादानंतर मंडळाची मीटिंग. दिवाळीच्या कार्यक्रमात मुलांचा 'व्हेनिस वॉक' करायचा. हॉलमध्ये पुठ्ठ्याचे दरवाजे, मुलं गाइड होऊन पालकांना फिरवणार. कल्पना अर्थातच मृ.ची. मुख्य गाइड कोण? "मित्रा! आवाज काय खणखणीत आहे पोरीचा!"

माझ्या मुलीचा आवाज खणखणीत आहे हे मला मृणालकडून कळायचं. मित्रा इतकी आनंदली की मीही टाळ्या वाजवल्या.

१४ ऑक्टोबर

धम्मदीक्षेचा दिवस. नागपूरला फोन. ताई दीक्षाभूमीवर जाऊन आलेली, आवाजात अजून गर्दी होती. मग तिचाही हेवा. यादी वाढतेय.

आईला विचारलं, आबांच्या गावात आपला मोहल्ला कुठे होता? शाळेत कुठून जायचे ते?

"काहून वं? आता काहून पायजे तुले ते?"

"मित्राला सांगायचंय."

मग सांगायला लागली आणि थांबेचना. फोनचं कार्ड संपलं, दुसरं लावलं. हाताशी मित्राची व्हेनिसची स्क्रिप्ट होती, तिच्याच मागे लिहून घेतलं.

१७ ऑक्टोबर

नीट उतरवलं. आकडे घातले, बाण काढले. टूरच निघाली की.

मोहल्ल्यातून निघायचं. गाव समोर दिसतं, पण सरळ जायचं नाही. उजवीकडून, शेताच्या धुऱ्याने, बांधावरून. विहीर लागेल, थांबायचं नाही, ती गावाची. पाटलाच्या घराशी चपला हातात. देवळाच्या मागून वळसा, कुणावर सावली पडत नाही ना ते बघत. मग शाळा. आत नाही, वऱ्हांड्यात. तिथून फळा दिसत नाही, मास्तरांचा आवाज तेवढा येतो. "म्हनून त्याचे पाढे पक्के," आई म्हणाली, "अन् अक्षर कोंबडीच्या पायाचं."

वीस मिनिटं लागायची. सरळ गेलं तर चार.

पलीकडच्या खोलीत मित्रा पाठ करतेय, "प्लीज स्टे टुगेदर, एव्हरीवन."

२३ ऑक्टोबर

केलं शेवटी. करायला नको होतं. किंवा सहा वर्षांपूर्वीच करायला हवं होतं.

मृ.च्या किचनमध्ये दोघी पुठ्ठा कापत होतो. ती म्हणाली, दरवाजा अजून उंच हवा, मुलांना कोंडल्यासारखं वाटलं पाहिजे. मी विचारलं, "तुमच्या गावात कुठे होता ग?"

वाईजवळचं गाव तिचं. उन्हाळ्याच्या सुट्ट्या तिथे, आंब्याच्या सात झाडांच्या गोष्टी मला पाठ आहेत.

"काय कुठे होता?"

"महारवाडा."

कात्री थांबली. हा शब्द त्या ग्रॅनाइटच्या ओट्यावर पहिल्यांदाच पडला असणार.

"आमच्याकडे नव्हतं तसलं काही. सगळे मिळूनमिसळून असायचे. आजोबा तर त्यांना धान्य द्यायचे."

"कुठल्या दारी? पुढच्या की मागच्या?"

"सुजाता, प्लीज. प्रत्येक गोष्ट तू तिकडेच का नेतेस?"

प्रत्येक! सहा वर्षांत एकदा.

पुठ्ठा तसाच टाकून उठले. दाराशी माझ्या चपला सापडेनात. समोरच होत्या.

२९ ऑक्टोबर

फोन नाही. मित्राला आणायला जाते तेव्हा ती दप्तर घेऊन पोर्चवर उभी असते. आतून मृ. हात हलवते. परवापासून हातही नाही. निवडणुकीवाले दिवसाला सहा फोन करतात, दर रिंगला वाटतं तीच.

मि. म्हणाला, "मिळालं काय बोलून?" काही नाही. पण आधी न बोलून तरी काय मिळत होतं?

डाळ-तांदूळ आणायला आम्ही दोघी जायचो. आज एकटी गेले. तिच्या आवडीचे मिरीचे पापड उचलले. परत ठेवले. पैसे देताना पुन्हा जाऊन आणले. ज्याच्यावर जळायचं त्याच्यावाचूनच करमत नाही, हे कसलं दुखणं.

आणखी एक. मृ.ला मूल नाही. तिला माझा हेवा वाटत असेल, हे आजवर डोक्यातच आलं नव्हतं. आलं तर बरं वाटलं. इतकी वाईट आहे मी.

६ नोव्हेंबर

मित्राला स्क्रिप्टच्या मागचं पान सापडलं. मराठी वाचता येत नाही, पण आकडे आणि बाण कळले. "मॉम, विच टूर इज धिस?"

सांगितलं. घरात सांगता येईना, म्हणून ड्राइव्हवेवर, वाळलेल्या पानांतून चालत. मेलबॉक्स म्हणजे विहीर, गॅरेज म्हणजे शाळा. पाटलाच्या घराशी तिने बूट काढून हातात घेतले. मोजे ओले झाले तरी घालेना. ऐकत होती, अगदी मृ.चं ऐकते तशी.

मग: "व्हेअर वॉज द गेट?"

"गेट नव्हतं."

"गार्ड्स?"

"तेही नव्हते."

"देन व्हाय डिडन्ट ही जस्ट वॉक स्ट्रेट?"

गॅरेजच्या दाराशी उभी राहिले.

त्यांच्याकडे निदान दार होतं. दगडावर हात ठेवून दाखवता येतं की हे बघ, इथे. आमच्याकडे बिजागरीची खूणसुद्धा नाही. बघणाऱ्याला वाटावं, आबांनी हौसेनेच रोज सोळा मिनिटांचा वळसा घेतला. आज मी त्या दगडावर जळले, अगदी मनापासून.

१२ नोव्हेंबर

दिवाळी. सुट्टी टाकली होती. मित्रा शाळेत. दुपारी बेल वाजली. मृ., हातात करंज्यांचा डबा. देईना, धरूनच उभी.

"मित्राने मला तुमची ती टूर करून दाखवली. बेसमेंटमध्ये. बूट हातात घेऊन."

मी दार आणखी उघडलं.

"बाबांना फोन केला मग. विचारलं."

"मग?"

"ओढ्यापलीकडे होता. खालच्या अंगाला." मग म्हणाली, "मला माहीत होतं ग. म्हणजे, तिकडे खेळायला जायचं नाही एवढं माहीत होतं. का, ते मी विचारलंच नाही कधी."

पर्समधून कागद काढला. पुण्याहून बाबा सांगत गेले, ती काढत गेली. देऊळ, शाळा, त्यांचं घर, आंब्याची सातही झाडं. मग ओढा. ओढ्यापलीकडे कागद पांढरा.

"पुढचं बाबांना सांगता येईना. ते कधी गेलेच नव्हते तिथे. ऐंशी वर्षांचे झाले, सुजाता." आणि रडायला लागली.

रडायलाही तिलाच आधी येतं. मी आपली कोरडी ठणठणीत. हाही हेवाच, लिहून ठेवते.

डोळे पुसून म्हणाली, "उद्या व्हेनिसनंतर मित्राची ही टूरही घेऊ या का?"

"माझ्या आबांवर टाळ्या नकोत मला."

"मग काय हवंय तुला?"

खरंच विचारत होती. सहा वर्षांत पहिल्यांदा विचारलं, आणि मला सांगता आलं नाही. डबा घेतला. पापड दिले. ती गेली तेव्हा दाराशी वाकून तिने स्वतःच्या चपला उचलल्या, क्षणभर हातात धरल्या, मग पायात घातल्या. मुद्दाम केलं की नाही, देव जाणे. माझ्या मनातून ते जात नाहीये.

मि. म्हणतो नको, कशाला. मित्रा म्हणते, "आय नो बोथ बाय हार्ट." मी अजून हो म्हटलं नाही, नाहीही म्हटलं नाही.

मृ.चा कागद फ्रिजवर लावलाय. पांढऱ्या भागावर काहीही काढायचं नाही, असं मित्राला बजावलंय. तिने लाल छत्री दाराशी काढून ठेवलीय. उद्या दोनला हॉल उघडतात.