बेडकांची हजेरी

३ फेब्रुवारी

बायोअ‍ॅसे. आज हा शब्द माझ्या वाट्याला आला. परिभाषा कोशातल्या 'बायो'वाल्या शब्दांचं सगळं लचांड माझ्याच गळ्यात आहे, पण या एकाला पाहून हसू फुटलं. मागच्या आवृत्तीत फक्त एवढंच — 'जैव-आमापन : सजीवांची चाचणी.' संपलं.

आणि तेही चूक! चाचणी सजीवांची नसते, सजीवाकरवी असते. औषधात, पाण्यात, रक्तात एखादी गोष्ट आहे का, किती जोरकस आहे, हे थेट दिसत नाही. मग ती एका जिवाला द्यायची आणि त्या जिवात काय होतं ते बघायचं. संपादकांना म्हटलं, एका 'ची'ने अर्थाचं वाटोळं केलंय. ते म्हणाले, "बाई, 'ची'साठी तुम्हीच भांडू शकता. पन्नास शब्द लिहा, एक उदाहरण द्या, चौदा तारखेपर्यंत."

उदाहरण कशाला शोधायला हवं? मीच आहे की.

बाबा एकतीस वर्षं इस्पितळाच्या प्रयोगशाळेत होते, प्राणिघर सांभाळायला. त्या काळी बाईला दिवस गेलेत का, हे बेडकाला विचारत. बाबांचा एक थोराड बेडूक होता, त्याचं नाव जमादार. "तू यायच्या आठ महिने आधी जमादाराने मला सांगितलं होतं" — ही गोष्ट मी हजारदा ऐकली आहे. म्हणून मी घरात बेडकी. छप्पन्न वर्षांची झाले तरी बेडकीच.

आई मात्र ही गोष्ट सुरू झाली की उठून आत जायची. तिला बेडकांची किळस असावी.

४ फेब्रुवारी

बाबांना सांगितलं, तुमचं काम कोशात येणार. दोनदा दाढी केली आज!

६ फेब्रुवारी

संध्याकाळी बाबांना खिडकीपाशी बसवलं आणि सगळं नीट विचारून घेतलं. चौऱ्याऐंशी वय, चष्मा कुठे ठेवला ते आठवत नाही, पण बेडूक विचारा — घडाघडा.

सकाळची पहिली लघवी, बाटलीत. बाटलीवर नंबर. एका नमुन्याला दोन नर बेडूक, एकावर भरवसा ठेवायचा नाही. पाठीच्या कातडीखाली सुई. मग तीन तास थांबायचं. तीन तासांनी बेडकाच्याच लघवीचा थेंब काचेवर घ्यायचा आणि डॉक्टरीणबाई सूक्ष्मदर्शकातून बघायच्या. थेंबात शुक्रजंतू वळवळताना दिसले की त्या बाईला दिवस आहेत. तिच्या रक्तातली खूण बेडकाच्या अंगात जाऊन बोलायची.

"आणि बेडूक मरायचा?"

"छे! आठ दिवस सुट्टी. नुसता आराम. मग परत कामावर."

ही सुट्टी चुकू नये म्हणून बाबा बेडकांची हजेरीवही ठेवत. कोण कामावर, कोण रजेवर! डॉक्टरीणबाई हसायच्या म्हणे. वही ते रोज घरी आणत आणि जेवण झाल्यावर भरत.

"बेडूक कोरड्या हाताने धरायचा नाही," बाबा म्हणाले. "त्याची कातडी नाजूक. आधी हात ओले करायचे." आणि बोलता बोलता त्यांनी पाण्याच्या भांड्यात बोटं बुडवली आणि हवेतच कोणालातरी अलगद धरलं. लहानपणी ताप आला की बाबा मला हात लावायच्या आधी हात ओले करत. मला वाटायचं, सगळेच बाबा करतात.

७ फेब्रुवारी

मसुदा : 'एखाद्या द्रव्याचे अस्तित्व किंवा प्रभाव, त्याने सजीवात घडवलेल्या परिणामावरून ठरवणे.' ठीक आहे, पण कोरडं आहे.

बाबा कधी 'चाचणी' म्हणत नाहीत. ते म्हणतात 'साक्ष'. "आज पाच साक्षी होत्या." संपादकांना विचारलं, जीवसाक्ष कसा वाटतो? म्हणाले, "साक्ष कोर्टात. इथे आमापन." मेलं तुमचं आमापन. नुसतं उच्चारलं तरी दात दुखतात.

९ फेब्रुवारी

उदाहरणाला खरी नोंद हवी, म्हणून बाबांना हजेरीवही मागितली.

"कशाला? वाळवी लागली असेल."

"बघते ना."

"अगं, अक्षर लागायचं नाही तुला."

माझं सगळं आयुष्य दुसऱ्यांची अक्षरं लावण्यात गेलं, आणि हे मला सांगतायत! शेवटी म्हणाले, पाठ दुखतेय, जरा पडतो. तिन्हीसांजेला कधी पडत नाहीत.

१० फेब्रुवारी

सापडली. पलंगाखालच्या पत्र्याच्या पेटीत, आईच्या जुन्या शालीत गुंडाळलेली. वाळवी कुठेच नाही. तारीख, नमुन्याचा नंबर, बेडकांची नावं, आणि शेवटी 'हो' किंवा 'नाही'. जमादार, मास्तर, पहिलवान, लाजऱ्या. वाचताना मी एकटीच हसत होते.

मग दिसलं — नंबराच्या जागी 'घरचा'. घरचा नमुना म्हणजे आईचा. एवढं कळायला कोश लागत नाही.

घरचा — नाही.

पुढे पाच महिन्यांनी. घरचा — नाही.

तीन वर्षांत सात वेळा. सातही वेळा नाही. पान उलटताना मी तो 'हो' शोधत होते, माझा. शेवटचा 'घरचा' एकोणतीस ऑगस्टचा. नाही. माझा जन्म पुढच्या मेमधला. त्यानंतर वहीत 'घरचा' नाहीच.

वही परत शालीत ठेवली. घडी तशीच घातली.

११ फेब्रुवारी

कचेरीत दिवसभर संदर्भ चाळले. फार लवकर तपासलं तर बेडूक गप्प बसतो. म्हणजे ऑगस्टअखेर मी होते, पण इतकी थोडी होते की जमादाराला कळले नाही. गणित जुळतं. अगदी जुळतं.

मग बाबा म्हणतात तो 'हो' कुठे आहे?

१२ फेब्रुवारी

विचारायचं नाही, असं ठरवलं. या वयात त्यांना कशाला छळायचं.

सकाळी चहा दिला. बाबांनी घोट घेतला, माझ्याकडे बघितलं, पुन्हा घोट घेतला. "साखर दोनदा घातलीस. काय झालंय?"

काही नाही म्हटलं.

"एकतीस वर्षं मी मुक्या जिवांची तोंडं बघून सांगत होतो, बेडके."

मी भांडी घासायला निघून गेले. अगदी आईसारखी.

१४ फेब्रुवारी

शेवटी विचारलंच. बाबांची नखं कापत होते. नजर नखांवर ठेवली की बोलता येतं.

"बाबा, बेडूक चुकतो?"

"कधी कधी. माणूसच आहे तो."

"जमादार?"

हात माझ्या हातातच होता. मग म्हणाले, "पेटीची कडी तू उलटी लावलीस. मला चार दिवस माहीत आहे." आणि मग — "जमादार चुकला नाही. त्याने सांगितलं, हे खरं आहे. कोणाच्या बाटलीवरून सांगितलं, ते तू कधी विचारलं नाहीस."

मी नेलकटर खाली ठेवलं.

एक मुलगी आली होती, सप्टेंबरात. एकोणीस-वीसची, एकटीच. नाव सांगेना. डॉक्टरीणबाईंनी नाव न लिहिता नंबर दिला. तीन तास ती प्राणिघराच्या दारात बाकावर बसून होती. सुई टोचताना तिने बाबांना एकच विचारलं — "त्याला दुखलं का हो?" जमादाराने हो सांगितलं. ती रडली नाही. मी वाढवू शकणार नाही, म्हणाली, पण याला जगू द्या. त्याच दुपारी डॉक्टरीणबाईंनी बाबांना आत बोलावलं. तीन वर्षं आईचे नमुने त्यांनीच तर बघितले होते.

पुढे सगळं कागदोपत्री, रीतसर झालं. मेमध्ये मी घरी आले, बारा दिवसांची. ती मुलगी पुन्हा भेटली नाही.

"मी तुला एक अक्षर खोटं सांगितलं नाही," बाबा म्हणाले. बरोबर आहे. शब्दांत कुठेही खोट नव्हती. छप्पन्न वर्षं ती गोष्ट ऐकणारी मी, शब्दांवर पोट भरणारी मी, आणि 'कोणाची' हे मला विचारावंसं वाटलं नाही. 'ची'साठी भांडते म्हणे!

बाबांचा राग आला का? नाही आला. त्यांचा हात तसाच धरून बसले होते. राहिलेली दोन नखं कापली.

पण एक गोष्ट टोचत राहिली, ती विचारली. "आई काय म्हणाली?"

बाबांनी खूप आठवून बघितलं. खोटं बोलायचं असतं तर पटकन बोलले असते. "काही नाही म्हणाली. रात्री वही भरून झाल्यावर मी सांगितलं. तिने वही मागितली. बघितली बराच वेळ. परत दिली आणि आत गेली."

आत गेली. म्हणजे ती किळस बेडकांची नव्हती.

१५ फेब्रुवारी

कचेरीत गेले नाही. मजकूर द्यायचा राहिला. संपादकांचा फोन आला, पाहुणे आलेत म्हणून सांगितलं.

आईने मला कमी काही केलं नाही. वेण्या घातल्या, परीक्षेच्या दिवसांत माझ्यासाठी पहाटे उठली, माझ्या आजारपणात उभी राहिली. शेवटच्या महिन्यात तर माझ्याच हातचं घ्यायची, दुसऱ्या कोणाचं नाही. हे सगळं मी आज मोजत बसले, आणि मोजतेय याची लाज वाटली. पण एकदा शंका शिरली की शिरली. सात वेळा 'नाही' ऐकलेल्या बाईला कोणीतरी म्हणालं, तुझं नाही तर हे घे. तिने घेतलं. हवं होतं म्हणून, की नवऱ्याचं मन मोडवेना म्हणून? तिला जाऊन सात वर्षं झाली. आता कोणाकरवी विचारू?

दुपारी बाबांनी स्वतः उठून चहा केला. साखर विसरले. मी संपवला.

१६ फेब्रुवारी

मजकूर पाठवला. 'जैव-आमापन' राहू दिलं, भांडायची ताकद नाही. फक्त 'सजीवांची' खोडून 'सजीवाकरवी' केलं. आणि शेवटी एक वाक्य : 'जे थेट दिसत नाही ते दुसऱ्या जिवात उमटलेल्या खुणेवरून ओळखता येते.'

संपादकांचा निरोप : 'शेवटचं वाक्य जरा हळवं, पण ठेवतो.'

१७ फेब्रुवारी

सकाळी बाबा म्हणाले, "ते पान तू बघितलंस का? तुझं?"

नव्हतं बघितलं. त्या दिवशी मी फक्त 'घरचा' शोधत होते.

वही उजेडात नेली. बावीस सप्टेंबर. नमुना ४१, नाव नाही. बेडूक — जमादार, लाजऱ्या. हो. बाबांचं शाईचं अक्षर. आणि समासात, पेन्सिलीने, इतकं पुसट की भिंग घ्यावं लागलं, आईच्या तिरप्या अक्षरात एकच शब्द.

'आपलं.'

आपला नाही, आपली नाही. मुलगा की मुलगी, हे तेव्हा कोणालाच ठाऊक नव्हतं.