कोंबड्यावरचे शब्द

५ जानेवारी १९६६

अखेर तंबूत आलो. मळ्याचे गोरे मालक मिस्टर पर्फॉय यांनी ख्रिसमस होईपर्यंत थांबू दिलं, एवढीच त्यांची माणुसकी. "पोस्टात जाऊन मतदारांत नाव घातलंस ना, लव्हिनिया? आता जा, मतच शिजवून खा," म्हणाले. माझ्या नवऱ्याचा, होजियाचा, जन्म त्या घरातला. पापांनी, माझ्या सासऱ्यांनी, तर सगळं आयुष्य त्या मळ्यावर कापूस वेचण्यात घालवलं. सामान निघालं एक ट्रकभर. तोही ट्रक पुरता भरला नाही.

ही जागा आमच्या चर्चचे कारभारी डीकन गिलख्रिस्ट यांची. स्वतःची जमीन असलेला काळा माणूस या काउंटीत शोधावा लागतो. त्यांनी सांगितलं, ज्यांना ज्यांना हाकललंय त्यांनी या. आमच्यासारखी बरीच बिऱ्हाडं आहेत. खाली चिखल, स्टोव्ह धूर ओकतो, पोरं खोकतात.

पापा माझ्याशी बोलत नाहीत.

९ जानेवारी

बोलले. "तुझ्या एका सहीने घर गेलं."

होजिया म्हणाला, "पापा, सही मीपण केलीय."

"तू हिचं ऐकून केलीस."

हे मात्र खरं आहे.

२४ जानेवारी

चर्चमध्ये सगळे कोंबड्याबद्दल बोलत होते. मतपत्रिकेवर डेमोक्रॅटिक पक्षाचं चिन्ह कोंबडा, आणि त्याच्या डोक्यावर छापलेलं असायचं – गोऱ्यांचं वर्चस्व. अलाबामाच्या मतपत्रिकेवर, सरकारी निवडणुकीत, माझ्या जन्माच्या आधीपासून! आता पक्षाच्या मोठ्या लोकांनी ते शब्द काढलेत. आमच्यावरच्या प्रेमापोटी नाही. आता आमची मतं मोजावी लागणार, म्हणून.

घरी येऊन पापांना सांगितलं. ते शेकोटीत लाकूड सारत म्हणाले, "शब्द काढले. कोंबडा आहेच की."

६ फेब्रुवारी

आपल्यातला युलिसिस मेरिवेदर शेरीफच्या, म्हणजे काउंटीच्या पोलीसप्रमुखाच्या, जागेसाठी उभा राहणार. सभेत सांगितलं तेव्हा आधी कुणी टाळीच वाजवली नाही, इतके सगळे दचकले. कोरियात लढून आलाय, गवंडीकाम करतो, बोलतो कमी. म्हणाला, "मी निवडून आलो तर गोऱ्यांना त्रास देणार नाही. काळ्यांना त्रास दिलेलाही चालणार नाही. एवढंच माझं भाषण."

आत्ताचा शेरीफ स्टॉलवर्थ. गुरांना लावायची विजेची काठी कमरेला लावून फिरतो. गेल्या वर्षीच्या मोर्चात ती त्याने माझ्या दंडाला लावली होती. अजून डाग आहे.

पण मला स्टॉलवर्थपेक्षा त्याच्यामागचे लोक जास्त धोक्याचे वाटतात. गोऱ्यांच्या सिटिझन्स कौन्सिलवाले – बँकेचा मॅनेजर, कापसाच्या जिनिंग गिरणीचा मालक, आमचे पर्फॉय. ते कू क्लक्स क्लानसारखे पांढरे झगे घालत नाहीत. सूट घालतात. भर दुपारी हॉटेलात कोंबडी खाता खाता ठरवतात – याला बियाणं नाही, त्याला काम नाही, तिला घर नाही. निवडणुकीत कुणाला उभं करायचं तेही तिथेच ठरतं. राज्यपालसुद्धा त्यांच्या फोनला उत्तर देतो म्हणे.

७ फेब्रुवारी

होजियाला लाकूडतोडीवरून काढलं. सभेला आला होता म्हणून.

२ मार्च

काल रात्री तंबूंवर गोळीबार झाला. रस्त्यावरून एक पिकअप गेली, दिवे विझवून. पोरांना खाली दाबून मी त्यांच्या अंगावर पडले. कुणाला लागलं नाही. देवाचीच कृपा. पापांच्या अंथरुणावरून गोळी गेली. तंबूच्या कापडात दोन भोकं, एक आत येण्याचं, एक बाहेर जाण्याचं.

सकाळी शेरीफचा डेप्युटी आला. भोकं बघितली, म्हणाला, "शिकारी असतील." वहीसुद्धा काढली नाही.

आता पापा म्हणणार, इथून निघा, उत्तरेला डेट्रॉइटला चला. आणि खरं सांगते, या वेळी मी हो म्हणेन.

३ मार्च

म्हणाले नाहीत.

मी मक्याची भाकरी थापत होते. ते शेजारी येऊन बसले आणि एकदम आपल्या वडिलांबद्दल बोलायला लागले. इतक्या वर्षांत पहिल्यांदा. होजियालाही यातलं काही माहीत नव्हतं!

पापांचे आजोबा गुलामगिरीतून सुटले आणि लगेच मत द्यायला लागले. तेव्हा झगेवाले घोड्यावरून आले, घर जाळलं. तरी ते मत देत राहिले, आणि त्यांच्यामागून पापांचे वडील, एमॉसही. मग साहेबलोकांनी राजधानीत, माँटगोमेरीत बसून राज्याची नवी घटना लिहिली. लिहिता-वाचता आलं पाहिजे, जमीन पाहिजे, कर भरलेला पाहिजे. कायद्यात 'काळा' हा शब्द कुठे नाही, पण काळे सगळे बाहेर. पापा तेव्हा चौदा-पंधरा वर्षांचे. वडिलांबरोबर कोर्टाच्या इमारतीत गेले होते. कारकुनाने सांगितलं, तुझं नाव आता नाही. एमॉस म्हणाले, मी इतकी वर्षं मत देत आलोय, नाव शोधा. पुन्हा म्हणाले, शोधा.

त्यांना भटकेपणाच्या आरोपाखाली पकडलं. स्वतःचं घरदार असलेल्या माणसाला! शिक्षा म्हणून कोळशाच्या खाणीला भाड्याने दिलं. तिथून ते आलेच नाहीत.

"माझी आई म्हणाली, इझ्रा, मान खाली घालून राहा, तुला काही होणार नाही," पापा म्हणाले. "राहिलो. म्हातारा होईपर्यंत राहिलो. सही तू केलीस, लव्ही, मी केली नव्हती. पण परवाची गोळी माझ्या अंथरुणावरून गेली."

 मी भाकरी उलटायची विसरले, करपली.

"पोस्ट किती वाजता उघडतं?" त्यांनी विचारलं.

४ मार्च

पापा मतदार झाले. केंद्र सरकारचा माणूस, तरुण होता. म्हणाला, "वाचता येत नसेल तरी चालेल, सर. इथे फुली करा." पापा वळून माझ्याकडे बघायला लागले. मला वाटलं फुलीचं विचारतायत. बाहेर आल्यावर म्हणाले, "तो 'सर' कुणाला म्हणाला?"

१७ एप्रिल

चर्चमध्ये रोज मतपत्रिकेचा सराव घेते. मी नमुना काढते, सगळे फुल्या करतात. पापा सर्वांत पुढे बसतात आणि दुसऱ्यांच्या चुका काढतात. डीकन गिलख्रिस्ट वैतागले. "इझ्रा, दोन महिन्यांपूर्वी तू आम्हांला वेडे म्हणत होतास." पापा म्हणाले, "होतातच. आता मी आलोय."

३ मे

आज पक्षाचा उमेदवार निवडायचं मतदान; इथे पक्षाचा जो, तोच पुढे निवडून येतो. पहाटेपासून रांग. म्हाताऱ्या बायका रविवारच्या हॅट घालून. ऊन चढलं, कुणी हललं नाही. दुकानासमोर मिस्टर पर्फॉय आणि जिनवाला उभे, कोण कोण आलंय ते पाहत. मळ्यावरची माणसं त्यांची नजर चुकवत होती. दोघं-तिघं घरी परतलीही. मी त्यांना बोल लावणार नाही. मला माहितेय चिखलात झोपणं काय असतं.

पर्फॉय पापांजवळ आले. "इझ्रा, तू पण?"

पापांनी हॅट काढली नाही. जन्मभर काढत आले, आज नाही. "गुड मॉर्निंग, मिस्टर पर्फॉय. रांग तिकडून सुरू होते."

माझ्या मागची एक बाई फसकन हसली. मग सगळी रांगच हसली. पर्फॉय लाल झाले आणि गेले. मळ्यावरची एक बाई घरी निघाली होती, ती परत येऊन रांगेत उभी राहिली.

४ मे

युलिसिस पहिला, पण निम्म्याहून जास्त मतं कुणालाच नाहीत. मेअखेरीला पुन्हा मतदान. युलिसिस आणि स्टॉलवर्थ, दोघंच.

२२ मे

हे लिहिताना अजून हसू येतंय.

प्रार्थना संपत आली आणि चर्चच्या दारात शेरीफ स्टॉलवर्थ. कमरेला काठी नाही. हॅट हातात. आम्हांला वाटलं, कुणाला धरायला आलाय. बायकांनी पोरं जवळ ओढली. पण तो मत मागायला आला होता!

घसा खाकरून म्हणाला, मागे काही गैरसमज झाले, काउंटी सगळ्यांची आहे. जाताना माझ्यापाशी थांबला. आजवर 'ए पोरी' यापलीकडे हाक नाही. आज म्हणाला, "मिसेस कॉबिन्स, तुमच्या मताचा विचार करा."

मी तोंड उघडायच्या आत पापाच बोलले. "ती विचार करते. त्याच्यामुळेच तर तुम्ही इथपर्यंत आलात."

रात्री दंडावरचा डाग दुखला नाही, पण मी बराच वेळ त्याच्यावर हात ठेवून पडले होते. त्याला माझी भीती वाटते – हे डोक्यात शिरायलाच वेळ लागला.

१ जून

युलिसिस जिंकला. थोडक्यात, पण जिंकला. डीकन गिलख्रिस्ट चर्चची घंटा वाजवत राहिले, हात दुखले तेव्हा होजियाने दोर घेतला. आनंदाने ओरडावं असं वाटलं होतं. प्रत्यक्षात सगळे नुसते उभे होते, रडत.

कौन्सिलवाले कुठे जाणार नाहीत. बँक त्यांची, जिन त्यांची. आम्ही अजून तंबूतच आहोत. पण शेरीफचा बिल्ला त्यांच्या हातातून गेला.

५ जून

जेवताना पापांनी विचारलं, आपल्या भागाच्या कॉन्स्टेबलच्या, मतांनी निवडायच्या, जागेला पुढच्या खेपेला कोण उभं राहतंय. म्हटलं, अजून कुणीच नाही.

"मग माझं नाव कसं लिहायचं ते शिकव. पोस्टरवर फुली बरी दिसणार नाही."