आईचं तोंड दाबलं तेव्हा

आटगाव, २००३

वाल्मिकदादा,

चुलतभाऊ असून बांधाच्या भांडणात तू माझ्या भावाला, भरतला कोयत्याने तोडलंस. तेव्हा मी प्राचीन ग्रीक शोककाव्याचा अभ्यास करत होते. त्यात बायकांचा आक्रोश ऐकून पुरुष सूड घ्यायला उठतात. आपल्या अंगणात तेच झालं. प्रेतावर छाती पिटत आई ओरडली, "गुणा, भावाचं रगत सुकायच्या आत काप रे त्याला!" धाकट्या गुणाने कुऱ्हाड उचलली. मी आईचं तोंड दाबलं. ती कडकडून चावली, तरी मी सोडलं नाही. गुणा रडत खाली बसला.

आई अजून माझ्याशी बोलत नाही.

तुरुंगातून सुटलास तरी गावात येऊ नकोस, हे कळवायला बसले होते. पण लिहिता लिहिता भरतचं प्रेतच डोळ्यांपुढे आलं; पत्र टाकणार नाही. तू ये. आता मी आईला, गुणाला, कुणालाच अडवणार नाही.

भरतची बहीण,
छाया