मेंढरांचा शनिवार आणि हालवारची बारा मिनिटं

हेस्टवीक, २० सप्टेंबर

तीर्थस्वरूप आत्यास,

आस्ग्रीमचा साष्टांग नमस्कार. (साष्टांग म्हणजे अक्षरशः. गेल्या शनिवारपासून माझी पाठ धरली आहे आणि मी आठही अंगांनी आडवाच आहे, तेव्हा नमस्कार आपोआप घडतो.) तुझ्या नव्या खुब्याची खबर आमच्या सौ. वाल्बोर्गला फोनवर मिळाली. डॉक्टरांनी जिना चढायची बंदी केल्याच्या दुसऱ्याच दिवशी तू चौथ्या मजल्यापर्यंत चालत गेलीस आणि वर पोचल्यावर डॉक्टरांनाच फोन करून कळवलंस, हे ऐकून आम्हा सर्वांना तुझ्या प्रकृतीबद्दल निर्धास्त आणि डॉक्टरांच्या प्रकृतीबद्दल जरा काळजी वाटली. इकडे सर्व क्षेम. वाल्बोर्गने तुझ्यासाठी वाळवलेला हॅडॉक मासा काढून ठेवला आहे. कुणी रेक्याविकला येणारं भेटलं की त्याच्या मोटारीला पुढचा महिनाभर वास येईल अशी व्यवस्था करतो.

पत्रास कारण तुझे चिरंजीव हालवार. घाबरू नकोस, गुडघा आहे तसाच आहे. पण त्या दिवशी जे घडलं ते तुला वर्तमानपत्रातून कळणार नाही. चौथ्या श्रेणीतल्या फुटबॉल सामन्याला तिथे दीड ओळ मिळते, आणि त्या दीड ओळीतही आमच्या गावाचं नाव चुकलं होतं.

आत्या, मी कोपनहेगनला चार वर्षं संस्कृत शिकलो. त्या विद्येचा हेस्टवीकला कुणालाही, कधीही, काडीचा उपयोग झाला नाही, हे तू तेव्हाच सांगितलं होतंस. पण एक फायदा झाला: महापुरुषांची चरित्रं वाचायची सवय लागली आणि त्यामुळे घरात एक आहे हे मला इतरांच्या आधी कळलं. सतराव्या वर्षी हा पोरगा बेल्जियमला गेला. चार वर्षं तिथे, सहा जर्मनीत, मग नॉर्वेत खेळाडू आणि गुडघा गेल्यावर तिथेच सहायक प्रशिक्षक. एकवीस वर्षं हा माणूस इतरांच्या पायांतून चेंडू काढून घ्यायचा पगार खात होता. देशाच्या संघाकडून तो एकूण अकरा मिनिटं खेळला. मी ती अकरा मिनिटं पन्नासएक वेळा पाहिली आहेत. त्यात चेंडू त्याच्याकडे दोनदा येतो आणि दोन्ही वेळा तो आपल्याच माणसाला नीट, न सांडता, चहाच्या कपासारखा पोचवतो. लोक गोलांची आठवण काढतात, काढोत बापडे. मी त्या दोन कपांचा भक्त आहे.

असा माणूस गेल्या शरदात परत आला आणि आमच्या संघाचा प्रशिक्षक झाला. (पोटासाठी शाळेची बस चालवतो. मुलं म्हणतात, वळणावर तो आधी डाव्या बाजूला कोण मोकळं आहे ते बघतो.) येताना त्याने लॅपटॉप, चुंबकांचा फळा आणि एक नियमावली आणली. सामन्याआधी लिकरिशच्या गोळ्या खायच्या नाहीत. सरावाला यायचं. समुद्रावर असलो तरी कळवायचं. आता तुला माहीतच आहे, आमचा हंगाम मेंढ्या वितात तेव्हा सुरू होतो आणि मेंढ्या डोंगरावरून उतरतात तेव्हा संपतो. म्हणजे मे महिन्यात आमचा गोलरक्षक केटिल याचे दोन्ही हात कोपरापर्यंत भलत्याच ठिकाणी असतात. संस्कृतात दोघांसाठी म्हणून एक वेगळं वचन आहे. ते जगात कशाला हवं होतं असं मला नेहमी वाटे, पण मे-जूनमध्ये आमच्या सरावाचं वर्णन दुसऱ्या कुठल्याच वचनात झालं नसतं. हालवार चुंबक हलवून दाखवी आणि समोर बसलेले प्लंबर व पोस्टमन माना डोलवीत.

परिणामी ऑगस्टअखेर आम्ही तळाला. शेवटचा सामना ब्रिमनेसशी (तिथे मेंढ्या नाहीत, फक्त मासे आणि गर्व), आणि त्यात हरून चालणार नव्हतं. बरोबरी झाली तरी आम्ही श्रेणीत राहत होतो. हरलो तर मार्चमधल्या सभेचा ठराव लागू: एक्क्याण्णव वर्षांचा आपला क्लब ब्रिमनेसच्या क्लबात विलीन, लाल सदरे पेटीत, यापुढे निळे. आतोबांनी ज्या सदऱ्यात गालावर दगड खाऊन गोल केला तो सदरा, आत्या. आणि हालवारलाही मग इथे काम उरत नव्हतं. नॉर्वेवाले त्याला परत बोलवतच होते.

अशा वेळी आमच्या या जगप्रवासी प्रशिक्षकाने काय करावं? संघटनेकडून विचारणा आली की सामना रविवारऐवजी शनिवारी ठेवला तर चालेल का, आणि उत्तर गेलं की अवश्य चालेल. कुठला शनिवार? सप्टेंबरचा दुसरा. मेंढरांचा शनिवार! आजवर त्या दिवशी हेस्टवीकला कुणी लग्न केलेलं नाही, आणि मेलं असेल तर दोन दिवस थांबून. संघातले अकराच्या अकरा जण गुरुवारी डोंगरावर चढतात आणि शनिवारी दुपारी चारला कळप घेऊन वाडग्याशी, म्हणजे मेंढ्या मालकवार निवडायच्या कुंपणाशी, पोचतात. सामना दोनला.

बातमी फुटली ती अर्थातच पोहण्याच्या तलावावरच्या गरम कुंडात. गळ्यापर्यंत पाण्यात बसून सगळे हालवारकडे बघत होते. यंदाही डोंगरावरून मेंढ्या आणायची मुखत्यारी योफ्रीदबाईंकडेच आहे (सदुसष्ट वर्षांच्या झाल्या, आवाज तोच). त्या डोळे मिटून म्हणाल्या, "एकवीस वर्षांत माणूस आईचं नाव विसरला तर मी समजू शकते रे हालवार. पण मेंढरांचा शनिवार?"

"चुकलं, योफ्रीदबाई," हालवार म्हणाला. "दोन तास आधी उतरता येईल का?"

"मेंढीला घड्याळ तू बांधणार की मी?"

"पोरांना तरी लवकर सोडा."

"पोरांना सोडते. मग चौदाशे मेंढ्या कोण आणणार, तुझी चुंबकं?"

कुंडातले सगळे इतके हसले की पाणी काठावरून गेलं. हालवार हसला नाही. म्हणाला, "मग मीही येतो डोंगरावर. दोन पाय जास्त." त्यावर केटिल म्हणाला, "दीड." ते खरं होतं, म्हणून कुणी हसलं नाही.

तर गुरुवारी तो आमच्याबरोबर चढला. योफ्रीदबाईंनी त्याला पूर्वेच्या रांगेत अगदी शेवटची, खालच्या ओढ्याकडची जागा दिली, जिथे बारा वर्षांची मुलं आणि संस्कृतचे जाणकार ठेवतात. मी त्याच्या शेजारी, म्हणजे हाकेच्या अंतरावर होतो. शुक्रवारी धुकं उतरलं. पाच पावलांपलीकडे काही दिसेना. आणि त्या धुक्यात ती रांग चालत राहिली, आत्या. चार किलोमीटर लांब, एकही हाक नाही. मैदानावर ज्यांना दहा पावलांवरचा सोबती दिसत नाही तेच प्लंबर आणि पोस्टमन, कुणी थांबलं की थांबत होते, कुणी सरकलं की सरकत होते. एक काळ्या डोक्याची मेंढी फट शोधत तीनदा आली आणि तिन्ही वेळा तिला समोर कुणीतरी नुसतं उभं असलेलं सापडलं. दुपारी धुकं विरलं तेव्हा पाहतो तर हालवार खडकावर बसलेला, तोंड उघडं. म्हणाला, "आस्ग्रीम, हे कुणी शिकवलं यांना?" मी म्हटलं, "योफ्रीदबाईंनी. त्यांना तुझ्या आईने." तो काठी टेकत खडकावरून उतरला. मग म्हणाला, "जर्मनीत सहा वर्षं आम्ही हेच करायचा प्रयत्न करत होतो."

शनिवारी दीडलाच आम्ही पुलापाशी आलो, म्हणजे मैदानापासून अर्धा तास. (योफ्रीदबाईंनी पहाटेच सगळ्यांना हाकललं होतं, का ते सांगितलं नाही.) आणि नेमकी पलीकडून ब्रिमनेसची बस आली. रस्त्यावर मेंढ्या असल्या की त्यांना वाट द्यायची, हे ब्रिमनेसला मान्य नसलं तरी माहीत आहे. चौदाशे मेंढ्या बसच्या दोन्ही अंगांनी, सावकाश, खिडकीतून आत बघत गेल्या. पाहुणे पाऊण तास आत अडकले, पंचही त्याच बसमध्ये. ब्रिमनेसवाले म्हणतात हे मुद्दाम केलं. योफ्रीदबाईंना विचारलं तर त्या म्हणाल्या, "मेंढ्यांना विचारा."

सामना तीनला सुरू झाला. आमच्या लोकांनी तोंडं धुतली होती, बाकी काही नाही. कपडे बदलायच्या खोलीत हालवारने लॅपटॉप उघडला, पाहिला, मिटला आणि केटिलच्या ओल्या मोज्यांखाली सारला. म्हणाला, "पूर्वेची रांग, तशीच. चेंडू म्हणजे ती काळ्या डोक्याची. पळायचं नाही, उभं राहायचं." बस. एकवीस वर्षांच्या व्यासंगाचं सार इतकं आखूड असेल असं मला वाटलं नव्हतं.

आणि ते उभे राहिले! तीस तास चाललेली माणसं. ब्रिमनेसच्या पोरांनी डावीकडून यावं, उजवीकडून यावं, समोर कुणीतरी आहेच. आरडाओरडा नाही, दोषारोप नाही. (आमच्या मैदानावर ही शांतता इतकी अपूर्व होती की काठावरच्या बायकांना वाटलं कुणीतरी गेलं.) ऐंशीव्या मिनिटाला पोस्टमनच्या पोटरीत गोळा आला आणि तो आडवा झाला. बदली खेळाडू दोन, दोघेही वाडग्यात मेंढ्या निवडत होते. तेव्हा लक्षात आलं की वसंतात यादी पुरी दिसावी म्हणून हालवारने स्वतःचंही नाव खेळाडू म्हणून घातलं होतं. त्याने पोस्टमनचेच बूट घातले, एक माप लहान, आणि आत गेला.

तो पळाला नाही. पळूच शकत नाही. तो चालत होता, आणि चेंडू कुठे येणार ते चेंडूच्या आधी त्याला ठाऊक असल्यासारखा दर वेळी तिथे पोचत होता. शेवटच्या मिनिटाला ब्रिमनेसचा तो लांब तंगड्यांचा पोरगा सगळ्यांना चुकवून सुटला. पुढे फक्त हालवार, मागे केटिल. हालवारने काय केलं? दोन्ही हात बाजूला पसरले, जसे आपण बिथरलेल्या मेंढीपुढे पसरतो, आणि डावीकडे एक पाऊल टाकलं. एकच. पोरगा अर्थातच उजवीकडे वळला, आणि उजवीकडे मैदान संपतं, आत्या, तिथे समुद्र आहे. चेंडू गेला, त्यामागे पोरगाही गुडघाभर पाण्यात गेला. शिट्टी झाली. शून्य-शून्य. मी घड्याळ पाहिलं: बारा मिनिटं. देशासाठी अकरा, हेस्टवीकसाठी बारा.

जल्लोष झाला नाही. वेळ कुणाला होता? सगळे तसेच वाडग्यात गेले, कानांवरच्या मालकीच्या खुणा चाचपत मेंढ्या निवडायला. पंच आले, ब्रिमनेसची पोरंही आली. तो ओला पोरगा तर शिंगं धरायला बरा निघाला. मग मटणाचं सूप आणि गाणी. वर्षातून एकदाच माझ्याकडून दुसरा आवाज म्हणवून घेतात, तेही झालं. लाल सदरे दोरीवर वाळताहेत. वाल्बोर्गचा नमस्कार. खुब्याला जप, म्हणजे जिन्यालाही विश्रांती मिळेल.

तुझा भाचा,
आस्ग्रीम

ता. क. वर मी उत्तर 'गेलं' असं लिहिलं आहे. ते मी लिहिलं होतं. क्लबचा चिटणीस मी आहे. हालवारने मला विचारलं होतं, "शनिवारी गावात काही नाही ना?" आणि मी पुस्तकातून मान वर न काढता म्हटलं होतं, "काही नाही." कुंडात सगळं गाव हसत असताना तो माझ्यापासून हातभर अंतरावर बसला होता. "चुकलं" म्हणाला, आणि माझ्याकडे बघितलंसुद्धा नाही. त्याने अजूनही कुणाला सांगितलेलं नाही. तो चेंडू जसा पोचवतो तसाच त्याने दोषही नीट झेलला, न सांडता. माझी पाठ म्हणून धरली असेल.

आणखी ता. क. आता मुख्य गोष्ट. योफ्रीदबाई पुढच्या वर्षी पूर्वेची रांग हालवारला देणार आहेत, पण ज्याच्या नावावर कानखूण नाही त्याला रांग देता येत नाही. खुणांची वही आठ वर्षांनी नव्याने छापली जाते आहे, नावं महिनाअखेरपर्यंत. आतोबांची खूण (डाव्या कानाचं टोक छाटलेलं, उजव्याला मागून दोन खाचा) अजून तुझ्या नावावर आहे. तो स्वतः मागणार नाही. सतराव्या वर्षी तुझ्या स्वयंपाकघरात तो म्हणाला होता की जन्मात पुन्हा मेंढीला हात लावणार नाही, आणि तू म्हणाली होतीस, "मेंढ्यांनाही बरं वाटेल." ते वाक्य त्याने बेल्जियम, जर्मनी, नॉर्वे असं सगळीकडे बरोबर नेलं. खूण मिळाली तर तो राहील. नॉर्वेवाल्यांना त्याने अजून उत्तर दिलेलं नाही. पत्र मी लिहितोय हे त्याला माहीत नाही.

शेवटची ता. क. त्याला माहीत आहे. तो इथेच बसला आहे, पाठीला तेल लावतोय, आणि म्हणतो की घाई झाली, पण केटिलकडून घेतलेल्या एका कोकराच्या कानांना त्याने रविवारीच आतोबांची खूण केली. काळ्या डोक्याचं आहे. तेव्हा तू नाही म्हणालीस तर ते कायद्याने तुझं. चौथ्या मजल्यावर पाठवून देऊ.